आमच्या परिसरातील वायफाय: दोन वर्षांच्या वापरानंतर

खान्देशातील एका विद्यापीठीय परिसरात मी गेली दोन वर्षे संशोधन करीत आहे. माझा विषय केळीवरील सीएमव्ही (कुकुंबर मोझॅक व्हायरस) हा विषाणू आहे. आपल्याकडचे शेतकरी या रोगाला ‘हरण्या’ म्हणतात. रावेर-यावल पट्ट्यातील बागांमधून पानांचे नमुने आणणे, ते प्रयोगशाळेत तपासणे आणि या विषाणूवर जगभरात काय लिहिले गेले आहे ते वाचणे, असे माझे काम आहे. यांपैकी तिसरे काम परिसरातील वायफायवाचून होत नाही.

मोबाइलचा डेटा प्रत्येकाकडे असताना वायफाय हवेच कशाला, असे मला घरीही विचारतात. १ जानेवारी २०२५ पासून ‘वन नेशन वन सबस्क्रिप्शन’ ही केंद्र सरकारची योजना सुरू झाली आणि ३० प्रकाशकांची सुमारे १३,००० नियतकालिके शासकीय उच्च शिक्षणसंस्थांना खुली झाली. वाचक कोणत्या संस्थेतला आहे, हे प्रकाशक संस्थेच्या नेटवर्कच्या आयपी पत्त्यावरून, म्हणजे इंटरनेटवरील त्याच्या क्रमांकावरून, ओळखतो. त्यामुळे जो शोधनिबंध मोबाइल डेटावर उघडला असता केवळ सारांश आणि डॉलरमधील किंमत दाखवतो, तोच वायफायवर संपूर्ण उघडतो. शोधगंगा या भारतीय प्रबंधांच्या ऑनलाइन संग्रहातील प्रबंध कुठूनही मोफत वाचता येतात, पण बहुतेक ताजे निबंध वाचायचे तर आमच्याकडे परिसराच्या नेटवर्कमध्येच यावे लागते. म्हणूनच या सेवेचे मोल मी वेगाच्या आकड्यांवरून ठरवत नाही. नवा विद्यार्थी तिच्यापर्यंत किती सहज पोहोचतो, हीच माझ्या मते तिची खरी परीक्षा आहे.

परिसरात दोन नेटवर्क दिसतात. पहिले खुले आहे. ते निवडले की लॉगिनचे पान उघडते आणि तेथे नोंदणी क्रमांक व पासवर्ड भरायचा असतो. हे पान कित्येकदा उघडतच नाही आणि मग वायफाय बंद आहे अशी समजूत होते. वास्तविक ब्राउझरमध्ये ‘https’ने सुरू होणारा पत्ता टाकला असेल, तर नेटवर्कला मध्ये येऊन आपले पान दाखवता येत नाही, साधा ‘http’चा पत्ता टाकला की ते लगेच समोर येते. फोनमध्ये ‘खाजगी डीएनएस’साठी (संकेतस्थळाच्या नावावरून त्याचा पत्ता शोधणाऱ्या व्यवस्थेसाठी) एखादी विशिष्ट सेवा निवडलेली असेल, तर ती तेवढ्यापुरती बंद करावी लागते, आणि मोबाइल डेटाही बंद ठेवावा, कारण वायफायवर इंटरनेट नाही असे वाटताच फोन परस्पर मोबाइल डेटाकडे वळतो. या तीन गोष्टी कळायला मला पहिल्या सत्रातला जवळजवळ एक महिना लागला.

दुसरे नेटवर्क म्हणजे एज्युरोम, ही शिक्षणसंस्थांची सामायिक वायफाय सेवा. या सेवेची सुरुवात युरोपातील संशोधनसंस्थांनी केली, आज ती १०० हून अधिक देशांत आहे आणि भारतात तिची व्यवस्था अर्नेट इंडिया ही शासकीय संस्था पाहते. आपल्या संस्थेने दिलेल्या एकाच ओळखीवर जगातील कोणत्याही सहभागी संस्थेत वायफाय मिळते. गेल्या हिवाळ्यात एका परिषदेसाठी पुण्याला गेले असताना तेथील संस्थेच्या आवारात पाऊल टाकताच माझा फोन काहीही न विचारता जोडला गेला, तेव्हा मला मनापासून आनंद झाला. मात्र त्यासाठी वापरकर्त्याचे नाव संस्थेच्या डोमेनसह, म्हणजे ईमेलप्रमाणे ‘@’नंतर येणाऱ्या संस्थेच्या इंटरनेटवरील नावासह, पूर्ण लिहावे लागते. केवळ नोंदणी क्रमांक लिहूनही आमच्या परिसरात जोडणी होते, आणि घोटाळा इथेच आहे; बाहेरच्या संस्थेतील यंत्रणा ‘@’ या चिन्हापुढील भाग पाहूनच आपली विनंती मूळ संस्थेकडे धाडत असल्यामुळे तेथे असे अर्धवट नाव चालत नाही.

एज्युरोम जोडताना विद्यार्थी सर्वांत जास्त अडतात ते प्रमाणपत्राच्या रकान्यात. अँड्रॉइड फोन ईएपी पद्धत, फेज २ प्रमाणीकरण (ही दोन्ही ओळख पटवण्याच्या पद्धतीची नावे), सीए प्रमाणपत्र (समोरचा सर्व्हर खरा आहे याची खूण), डोमेन आणि ओळख असे एकामागून एक विचारत जातो. आमच्याकडे प्रवेशाच्या वेळी मिळालेल्या छापील कागदावर सीए प्रमाणपत्रापुढे ‘प्रमाणित करू नका’ हा पर्याय निवडा, असे लिहिले होते. अँड्रॉइड ११ च्या सुधारित आवृत्तीपासून अनेक फोनमध्ये हा पर्यायच राहिलेला नाही, म्हणून नव्या फोनचे विद्यार्थी तिथेच थांबतात. ज्यांच्या जुन्या फोनमध्ये तो अजून आहे, त्यांचे काम होते, पण मला त्यांचीच अधिक काळजी वाटते. प्रमाणपत्र तपासले गेले नाही, तर समोरचा सर्व्हर खरोखर आपल्या संस्थेचाच आहे की नाही, हे फोनला कळण्याचा मार्ग उरत नाही. त्याच नावाचे खोटे नेटवर्क कोणीही उभे करू शकतो आणि आपला पासवर्ड त्याच्या हाती जाऊ शकतो. आमच्याकडे याच पासवर्डने ईमेल उघडते आणि परीक्षेचा अर्जही भरला जातो. संस्थेने स्वतःच छापून दिलेल्या कागदावर असा सल्ला असू नये, असे माझे ठाम मत आहे. योग्य मार्ग मुळीच कठीण नाही: ‘सिस्टम प्रमाणपत्रे वापरा’ हा पर्याय निवडून डोमेनच्या रकान्यात संस्थेने दिलेले सर्व्हरचे नाव लिहायचे, किंवा त्याहून सोपे म्हणजे ‘गेटएज्युरोम’ हे अ‍ॅप घेऊन त्यात आपली संस्था निवडायची. आमच्या संस्थेची नोंद त्यात आहे. फक्त ते कुणी सांगत नाही.

गेल्या जुलैत ग्रंथालयाच्या पायऱ्यांवर नंदुरबार जिल्ह्यातील डोंगराळ धडगाव भागातून आलेली प्रथम वर्षाची एक मुलगी तो कागद हातात घेऊन बसली होती. “ताई, या डोमेनमध्ये काय लिहू? माझ्या फोनमध्ये कागदावरचं काहीच दिसत नाही,” असे तिने विचारले. तिच्या पाड्यावर मोबाइलची रेंज टेकडीवर चढल्याशिवाय मिळत नव्हती. घरात महाविद्यालयात आलेली ती पहिलीच. दोन दिवस ती त्या कागदाशी झगडत होती आणि चूक आपलीच असणार, असे तिला वाटत होते. अ‍ॅपच्या साहाय्याने तिची जोडणी करायला आम्हाला पाच मिनिटेही लागली नाहीत. ज्या मुलांना या सेवेची सर्वाधिक गरज आहे, तीच तिच्या दारात अडतात, ही गोष्ट मला सहज सोडून देता येत नाही.

एकदा जोडणी झाली की सेवा उत्तम आहे, हे मी तितक्याच स्पष्टपणे नोंदवते. ग्रंथालयात आणि प्रयोगशाळांमध्ये मोठ्या फाइली अडथळ्यावाचून उतरतात. वसतिगृहात रात्री नऊनंतर वेग मंदावतो. तेथे बहुतेक फोन वायफायच्या दोन लहरीपट्ट्यांपैकी २.४ गिगाहर्ट्झवर असतात आणि त्या पट्ट्यात एकमेकांना न छेदणाऱ्या वाहिन्या तीनच आहेत, १, ६ आणि ११. पाच गिगाहर्ट्झवर गर्दी कमी असते, परंतु ती लहर जाड भिंतीपलीकडे तग धरत नाही, त्यामुळे व्हरांड्यातील वायफायच्या यंत्रापासून दूर असलेल्या खोल्यांना तिचा लाभ मिळत नाही.

संगणक केंद्रातील दादा मदतीला तत्पर आहेत. एका खात्यावर दोनच उपकरणांची मर्यादा, खोटा मॅक पत्ता (मॅक पत्ता म्हणजे प्रत्येक उपकरणाचा स्वतःचा क्रमांक), विसरलेला पासवर्ड अशा तक्रारी ते समोर बसून सोडवतात. अँड्रॉइड १० पासून फोन आपला खरा मॅक पत्ता लपवतो, म्हणून आमच्याकडे उपकरणाची नोंद करताना त्या नेटवर्कपुरता ‘उपकरणाचा मॅक’ हा पर्याय निवडावा लागतो, हे मला त्यांच्याकडूनच कळले. पासवर्ड बदलल्यावर तो फोन, लॅपटॉप, टॅब अशा सगळीकडे त्याच दिवशी बदलावा, हाही त्यांचाच सल्ला. विसरलेले एखादे उपकरण जुन्याच पासवर्डने पुनःपुन्हा प्रयत्न करीत राहते आणि खाते बंद पडते. माझे खाते ऐन अहवालाच्या आठवड्यात असेच बंद पडले होते. ही सर्व माहिती मराठीतील एका पानावर छापून प्रवेशाच्या खिडकीजवळ लावावी, असा अर्ज मी केंद्राकडे दिला आहे.

तोवर येत्या जूनमध्ये येणाऱ्यांनी एवढे करावे: गेटएज्युरोम अ‍ॅप मोबाइल डेटा मिळतो अशा जागी, धडगावकडून येणाऱ्यांनी शक्यतो शहाद्याला किंवा नंदुरबारला असतानाच, उतरवून ठेवावे. परिसरात पोहोचल्यावर डेटा संपलेला असेल, तर वायफाय जोडण्याचे साधन मिळवायलाच आधी दुसऱ्या कुणाचे इंटरनेट मागावे लागते.