मॉर्टन ड्रिंक मिक्स ३२०: मॅरेथॉनपटूच्या बाटलीत काय असतं

केनियाचा धावपटू एलिउद किपचोगे याने २०१८ मध्ये बर्लिनला मॅरेथॉनचा २:०१:३९ (तास:मिनिटं:सेकंद) असा विश्वविक्रम केला, तेव्हा त्याच्या बाटल्यांत हेच स्वीडिश पेय होतं. एका पाकिटात ८० ग्रॅम पावडर, ती ५०० मिली पाण्यात. म्हणजे एका बाटलीत जवळजवळ ८० ग्रॅम कर्बोदकं. साध्या साखरपाण्यात इतका गोडवा घातला तर धावताना पोट डचमळतं. इथे सोडियम अल्जिनेट (समुद्री शैवालातून मिळणारा) आणि पेक्टिन (फळांतला) हे घट्ट करणारे पदार्थ आहेत. जठरातल्या आम्लाशी गाठ पडली की पेयाची जेली होते आणि साखर पुढे आतड्यात सरकते, असा कंपनीचा दावा.

पाणी मात्र जपून निवडा. बोअरच्या जड पाण्यातलं कॅल्शियम अल्जिनेटला बाटलीतच घट्ट करू लागतं आणि गुठळ्या होतात. फिल्टरचं मऊ, गार पाणी घ्या. आधी पाणी, मग पावडर, झाकण लावून जोरात हलवा. दुसरं काही मिसळू नका. लिंबू तर नकोच, आम्लाने जेली बाहेरच बनते.

चव जवळजवळ नाहीच, नुसती गोडी. अडीच तास धावताना हेच बरं, स्वादाचा वीट येत नाही.

शर्यतीच्या दिवशी पहिल्यांदा पिऊ नका. आतड्यालाही सराव लागतो: आठवड्याच्या लांब धावेत तासाला ४० ग्रॅम कर्बोदकांपासून सुरुवात करून हळूहळू ६० ते ९० पर्यंत न्या. अव्वल धावपटू दर ५ किलोमीटरला थोडे थोडे घोट घेतात, एकदम बाटली रिकामी करत नाहीत.

महाग आहे. तासाभराच्या धावेला गरज नाही. लांब सराव आणि शर्यतीसाठी पैसे वसूल.