लिंबो की फेवाइल्ड: पार्टीला कुठे पाठवाल?

डंजन्स अँड ड्रॅगन्स या टेबलावर खेळायच्या भूमिका-खेळाचं कॅम्पेन, म्हणजे अनेक सेशनची सलग गोष्ट, जरा लांबलं की पार्टीला (प्लेयरांच्या पात्रांच्या टोळीला) नेहमीच्या जगातून बाहेर काढायची खुमखुमी प्रत्येक डीएमला, म्हणजे खेळ चालवणाऱ्याला, येते. अबिस आणि नऊ नरक, ही राक्षस-सैतानांची जगं, मी इथे धरत नाही. तिथे जीव जातो, पण कोण घेणार हे आधीपासून ठाऊक असतं. पायाखालच्या जमिनीचाच भरवसा नको असेल तर माझ्या मते दोनच नावं उरतात: लिंबो, म्हणजे निव्वळ गोंधळाचं जग, आणि फेवाइल्ड, म्हणजे पऱ्यांचं जग. दोन्ही चालवून झाली आहेत. नियम 2014 च्या पाचव्या आवृत्तीचे धरतो.

फेवाइल्डचं पारडं सुरुवातीला जड वाटतं, आणि ते उगीच नाही. आत शिरायला प्लेन शिफ्ट, म्हणजे दुसऱ्या जगात नेणारा सातव्या लेव्हलचा मंत्र, लागत नाही. संध्याकाळच्या वेळी रानातल्या एखाद्या मोकळ्या जागेत पाऊल पडलं तरी पुरतं. त्यामुळे पहिल्या-दुसऱ्या लेव्हलची पोरंसुद्धा जाऊ शकतात. टायटानियाचा दरबार, हवा आणि अंधाराची राणी, शब्दात पकडणाऱ्या चेटकिणी. बोलायची हौस असलेल्या प्लेयरांची चंगळ असते. वर्णन करायलाही सोपं: आपलंच जंगल, फक्त रंग दुप्पट गडद.

लिंबो त्यामानाने डीएमला दमवतं. आग, पाणी, माती, वारा सगळं एकात एक घुसळलेलं, आणि दर क्षणाला बदलणारं. ‘इथे काहीही होऊ शकतं’ एवढंच सांगून मोकळे झालात तर प्लेयर पाचव्या मिनिटाला मोबाइल काढतात. मी कार्डशीटचे वेडेवाकडे तुकडे फाडून टेबलावर ठेवतो: हा खडक, हे गवत, हा गोठलेल्या तळ्याचा पापुद्रा. प्रत्येक राउंड संपला की एखादा तुकडा सरकवायचा, एखादा उचलून घ्यायचा. ज्याची मिनी (पात्राची छोटी मूर्ती) त्या तुकड्यावर उभी असते त्याचा चेहरा बघण्यासारखा होतो.

शिवाय लिंबोत बुद्धीला किंमत आहे. पात्र बनवताना बहुतेक जण आठसारखा कमी आकडा टाकून विसरून जातात तो इंटेलिजन्स इथे जीव वाचवतो. एक ॲक्शन खर्च करून इंटेलिजन्सचा चेक मारायचा, म्हणजे वीसचा फासा टाकून ठरलेला आकडा (डीसी) गाठायचा. दहा फुटांच्या त्रिज्येचा गोल स्थिर करायला डीसी 5, पुढच्या प्रत्येक दहा फुटांना आणखी पाच. जमलं तर तेवढा भाग चोवीस तास जागचा हलत नाही. म्हणजे सगळ्यांना सावरून घेणारा तीस फुटांचा गोल हवा तर डीसी 15. पार्टीत विझर्ड किंवा आर्टिफिसर असं इंटेलिजन्सवर चालणारं पात्र नसेल तर हे जड जातं, हे कबूल करायला हवं. आमच्या बार्बेरियनने, म्हणजे ताकदीवर चालणाऱ्या गड्याने, एकदा हट्टाने स्वतः चेक मारला, त्याचं काय झालं ते त्याला विचारू नका.

आता ज्या एका गोष्टीवरून माझं ठरलं ती. फेवाइल्डमधून परत येताना वेळेचा एक ऐच्छिक नियम आहे. वीसचा फासा टाकायचा: 7 ते 13 आलं तर काही फरक नाही, 14 ते 17 आलं तर आत घालवलेल्या दिवसांचे बाहेर आठवडे झालेले, 18-19 ला महिने, 20 ला वर्षं. वाचताना झकास वाटतं. रेवतीला घेऊन ब्रह्मलोकात गेलेला राजा परतला तोवर सत्तावीस चतुर्युगं उलटली होती, तसलीच ही गंमत. पण त्या गोष्टीत लग्नाला बलराम तयार होता. कॅम्पेनमध्ये तसं कोणी आयतं मिळत नाही.

आमच्याकडे फाशावर 18 पडला. पार्टी आत चार दिवस होती, बाहेर चार महिने गेले. वेढा पडलेलं शहर, वचन देऊन ठेवलेला व्यापारी, पाठलागावर असलेला मारेकरी, सगळ्यांनी मधल्या काळात काय केलं हे मला तिथल्या तिथे ठरवावं लागलं. वेढा उठला म्हटलं तर पार्टीच्या धडपडीला अर्थ उरत नाही, आणि शहर पडलं म्हटलं तर एका फाशाने पाडलं. फासा गुपचूप बदलावा तर प्लेयरांना ते कळतंच. नियम ऐच्छिक आहे, वगळता येतो, हे मान्य. पण तो वगळला की फेवाइल्डचा दरारा निम्मा होतो, निदान आमच्या टेबलावर तरी झाला.

लिंबोत जमीन टिकत नाही, तारीख टिकते. हा फरक लहान वाटतो, पण लाल स्लॅडने, म्हणजे लिंबोतल्या बेडकासारख्या राक्षसाने, नखं मारल्यावर कळतो. जखमेत अंडं राहतं आणि तीन महिन्यांनी पिल्लू छाती फोडून बाहेर येतं. त्याआधी रोग बरा केला तर अंडं नष्ट होतं. कॅलेंडर शाबूत असल्यामुळे हे तीन महिने टेबलावर मोजता येतात. रोग बरा करणारा क्लेरिक नसलेली पार्टी दर सेशनला विचारते, ‘आज कितवा दिवस?’ एवढा ताण मला फेवाइल्डच्या कुठल्याही राणीने दिला नाही. आसऱ्याला गिथझेराई या लिंबोत राहणाऱ्या संन्यासी जमातीचे मठ आहेतच. मनाच्या शिस्तीवर उभे राहिलेले ते मठ म्हणजे लिंबोतली अशी जागा, जिथे चहाचा पेला पेलाच राहतो.

तुमचे प्लेयर नवखे असतील, किंवा दोन-तीन सेशनची सुटी गोष्ट करायची असेल, तर फेवाइल्डला नाही म्हणू नका. तिथे तारीख बिघडली तरी बिघडणारं फार काही नसतं. आणि लांबच्या कॅम्पेनमध्येही मन तिकडेच ओढत असेल, तर परतीचा तो फासा पार्टी आत शिरायच्या आधीच पडद्याआड टाकून ठेवा. बाहेर काय काय घडलं ते लिहायला आठवडाभर तरी हाताशी राहतो.