मुंबईत जाहिरातक्षेत्रात यायचंय: मोठी एजन्सी की छोटी?

जेजे कला महाविद्यालयातून किंवा मास मीडिया करून बाहेर पडलेली मुलं हा प्रश्न हमखास विचारतात. दहा वर्षांपूर्वी मी डोळे झाकून 'मोठी' म्हणाले असते. आज तसं म्हणवत नाही.

मोठ्या नावांचा भरवसाच हलला आहे. नोव्हेंबर २०२५मध्ये ऑम्निकॉम या अमेरिकी जाहिरात समूहाने इंटरपब्लिक हा दुसरा समूह ताब्यात घेतला आणि डिसेंबर उजाडताच डीडीबी, एफसीबी, मलनलो ही एजन्सींची नावं बंद करत असल्याचं जाहीर केलं. जगभरात सुमारे ४,००० नोकऱ्यांवर गदा आली. बाळ मुंडकूर यांनी १९६१मध्ये मुंबईत सुरू केलेल्या उल्का या एजन्सीला जोडलेलं 'एफसीबी' हे त्यातलंच नाव. दारावरच्या पाटीकडे बघून नोकरी धरायचे दिवस गेले.

तरीही आर्ट डायरेक्टर व्हायचं असेल तर पहिली दोन वर्षं मोठ्या ठिकाणीच काढा. मोठ्या बजेटचं शूट, उत्तम फोटोग्राफर, तुमचा लेआउट दहादा परत पाठवणारा सीनिअर हे सगळं तिथे एकाच छताखाली मिळतं.

मराठी कॉपी, म्हणजे जाहिरातीचा मजकूर, लिहायची असेल तर गोष्ट वेगळी. एका मोठ्या एजन्सीत मंजूर झालेला हिंदी रेडिओ स्पॉट संध्याकाळी सातला माझ्या टेबलावर यायचा. सकाळी रेकॉर्डिंग. 'अब मुस्कुराएगा हर घर'चं 'आता हसेल प्रत्येक घर' करून द्यायचं. असं कोण बोलतं आपल्याकडे? मी 'घरात पाऊल टाकलं की बरं वाटतं' असं लिहून दिलं, तर क्लायंट सांभाळणाऱ्या सर्व्हिसिंग विभागाकडून निरोप आला, हिंदीशी जुळत नाही. चार वर्षं हेच. ती चार वर्षं मला अजून सलतात.

मग दादरच्या सहा माणसांच्या एजन्सीत गेले. तिथे मसाल्याचा कारखानदार समोर बसून माझी ओळ मोठ्याने वाचायचा. एकदा कागद खाली ठेवून म्हणाला, "ताई, हे आमची ही कधीच म्हणणार नाही." बरोबर होतं त्याचं. तिथल्या तिथे बदललं. मराठी लिहायला मी त्या टेबलावर शिकले.

पण छोट्या ठिकाणी एक रिटेनर, म्हणजे दरमहा ठरावीक पैसे देणारा क्लायंट, गेला की दोन माणसं जातात. पगार पंधरा-वीस दिवस लांबलेलेही मी पाहिलेत. घरभाडं भरायचं असेल तर हे आधी मोजा.

माल विकणाऱ्या कंपनीच्या स्वतःच्या जाहिरात टीमचा तिसरा मार्गही आहे. तिथे वेळा बऱ्या असतात, पण वर्षानुवर्षं एकच साबण लिहायचा. सुरुवातीलाच नको.

मुलाखतीत दोन गोष्टी विचारा. सर्वांत मोठा क्लायंट गेला तर किती महिने तग धराल? आणि मराठी ओळ ब्रीफ (क्लायंटला काय हवंय त्याची माहिती) आल्यावर लिहिली जाते, की हिंदी मंजूर झाल्यावर? दुसऱ्याचं उत्तर 'हिंदी झाल्यावर' आलं, तर पगार कितीही असो, मराठी लिहायला तिथे जाऊ नका.