नंबर नव्या फोनवर न्यायचे: गूगल, व्हीसीएफ फाइल, केबल की सिम?

गेल्या दिवाळीत मावशीने नवा फोन घेतला. दुकानातल्या मुलाने दहा मिनिटांत "सगळे नंबर टाकलेत काकू" म्हणून हातात दिला. दोन दिवसांनी तिचा मला फोन आला, "अरे, सुनंदाला फोन लावला तर भलतीच सुनंदा बोलली." जाऊन पाहिलं, तर 'सुनंदावहिनी सातारा' आणि 'सुनंदावहिनी सांगली' या दोन्ही नावांचं 'सुनंदावहि' झालं होतं. जुन्या फोनात ३८० नावं होती, नव्यात मोजून २५० उतरली होती. हा २५० आकडा पाहिला की ओळखावं, नंबर सिमकार्डावरून आणलेत.

म्हणून आधी एक गोष्ट बघा: आज तुमचे नंबर राहतात कुठे? फोनच्या मेमरीत, सिमवर की गूगल खात्यात? कॉन्टॅक्ट्सच्या यादीत तिन्हीकडचे नंबर एकत्र दिसतात, त्यामुळे फरक कळत नाही. पडताळायची सोपी रीत अशी: संगणकावर आपल्या जीमेलने कॉन्टॅक्ट्स डॉट गूगल डॉट कॉम उघडायचं आणि तिथला आकडा फोनमधल्या आकड्याशी ताडून पाहायचा. फोनात ३८० आणि तिथे ९० असतील, तर उरलेले नंबर बहुधा फक्त त्या हातातल्या यंत्रात आहेत. तो फोन पाण्यात पडला की तेही गेले.

सिमचा मार्ग सगळ्यात जुना. इंटरनेट लागत नाही, पासवर्ड लागत नाही, बटणांच्या फोनलाही चालतो. पण बहुतेक सिमवर जागा साधारण २५० नावांची. नाव इंग्रजीत असेल तर चौदा-वीस अक्षरांपर्यंत बसतं. देवनागरीत त्याहून बरंच कमी, कारण देवनागरीच्या एकेका अक्षराला सहसा दुप्पट जागा लागते आणि काना, मात्रा, वेलांटी हेही वेगळं अक्षर म्हणून मोजलं जातं. मराठीत नावं लिहिणाऱ्यांना सिमचा फटका जास्त बसतो तो यामुळे. पत्ता, ईमेल, फोटो, वाढदिवस यांतलं सिमवर काही जात नाही. आयफोन सिमवरचे नंबर वाचून घेतो, पण सिमवर लिहीत नाही. ई-सिम (फोनातच असलेलं, बाहेर न काढता येणारं सिम) घेतलं असेल तर हा मार्ग बहुधा बंदच. माझ्या मते सिम फक्त बटणांच्या फोनसाठी ठेवावं.

व्हीसीएफ फाइल मात्र मला मनापासून आवडते. कॉन्टॅक्ट्स अ‍ॅपमध्ये 'एक्स्पोर्ट' केलं की सगळ्या नंबरांची एकच फाइल होते. नावं पूर्ण येतात, एका माणसाचे तीन नंबर असले तरी तिन्ही येतात. ती ब्लूटूथने पाठवा, स्वतःलाच ईमेल करा, पेनड्राइव्हवर टाका. आयफोनला मेल केली तर तिथेही उघडते. एक्स्पोर्ट करताना कुठल्या खात्यातले नंबर हवेत असं काही फोन विचारतात. तिथे सगळ्यांवर खूण करायला विसरू नका, नाहीतर अर्धीच यादी बाहेर पडते.

फाइल संगणकावर नोटपॅडमध्ये उघडलीत तर दचकू नका. 'आई' लिहिलंय तिथे बरोबरच्या चिन्हांची आणि इंग्रजी अक्षर-आकड्यांची माळ दिसेल. अँड्रॉइडची फाइल बहुधा जुन्या, २.१ आवृत्तीची असते आणि त्या आवृत्तीत देवनागरी अशी सांकेतिक रूपात लिहिली जाते. नव्या फोनात गेल्यावर तिची पुन्हा 'आई' होते. ती माळ 'दुरुस्त' करायला जाऊ नका.

फाइलचे दोष दोन. ती त्या दिवसाची प्रत असते, उद्या घेतलेला नंबर तिच्यात नसतो. आणि तिला कुलूप नसतं, ज्याच्या हाती लागेल तो तुमचं सगळं गणगोत वाचू शकतो. सायबर कॅफेच्या किंवा दुकानाच्या संगणकावर उघडली असेल तर पुसूनच उठा.

केबलचा किंवा फोन-टू-फोन मार्ग त्यांच्यासाठी, ज्यांना फोटो, मेसेज, अ‍ॅप्स सगळंच न्यायचंय. सॅमसंग घेताय तर स्मार्ट स्विच हे अ‍ॅप, अँड्रॉइडवरून आयफोनकडे जाताय तर मूव्ह टू आयओएस हे अ‍ॅप, आणि दोन्ही अँड्रॉइड असतील तर नवा फोन पहिल्यांदा सुरू करतानाच तो 'जुन्या फोनवरून आणू का' असं विचारतो. काम सोपं आहे, पण दोन्ही फोन धड चालू हवेत. शिवाय जे नंबर जुन्या फोनच्या मेमरीत होते ते बऱ्याचदा नव्याच्याही मेमरीतच जाऊन बसतात. म्हणजे तीन वर्षांनी फोन बदलताना पुन्हा तीच धावपळ.

गूगल खात्याचं वेगळं आहे. तिथे नंबर एकदा गेले की न्यायचं कामच उरत नाही. नव्या फोनवर त्याच जीमेलने आत गेलं की थोड्या वेळात यादी आपोआप उतरते. जुन्या फोनच्या गूगल सेटिंग्जमध्ये 'डिव्हाइस कॉन्टॅक्ट्सही सिंक करा' असा पर्याय असतो, तो सुरू केला की मेमरीतले नंबरही खात्यात चढतात (सिंक म्हणजे फोन आणि खातं यांतली यादी सारखी ठेवणं). आयफोनवर कॉन्टॅक्ट्सच्या सेटिंग्जमध्ये गूगल खातं जोडता येतं. जोडल्यावर 'डिफॉल्ट अकाउंट' जीमेल ठेवा, नाहीतर पुढचे नवे नंबर आयक्लाउडमध्ये, म्हणजे अ‍ॅपलच्या खात्यात, साठत राहतील आणि यादीच्या दोन वाटण्या होतील.

पण अडचणी इथेही आहेत, आणि त्या यंत्राच्या कमी, माणसांच्या जास्त. आपल्याकडे बऱ्याच ज्येष्ठांना स्वतःचा जीमेल पासवर्ड माहीत नसतो. दुकानातला मुलगा घाईत नवंच खातं काढून देतो, आणि जुन्या खात्यातले नंबर तिथेच पडून राहतात. मावशीचं तेच झालं होतं. तिची तीन जीमेल खाती निघाली, तीन फोनांची तीन. दुसरी अडचण घरातल्या सामाईक खात्याची: नवरा-बायको एकच जीमेल वापरत असतील तर एकाने पुसलेला नंबर दुसऱ्याच्याही फोनातून जातो. तिसरी ऑफिसच्या खात्याची. नोकरी सुटली की खातं बंद, आणि त्यात साठवलेली घरची माणसंही गेली.

चुकून पुसलंच, तर ३० दिवसांच्या आत गूगल कॉन्टॅक्ट्समध्ये यादी मागच्या तारखेला नेता येते. हे फार कमी लोकांना ठाऊक असतं, म्हणून मी भेटेल त्याला सांगतो.

व्हॉट्सअ‍ॅपचा बॅकअप आणला की नंबरही येतील, हा समज सोडून द्या. गप्पा येतात, पण फोनच्या कॉन्टॅक्ट्सची यादी त्या बॅकअपमधून भरून निघत नाही. ग्रुपमध्ये मग नावांच्या जागी नुसते नंबर दिसतात. आणि नंबर हलवून देतो म्हणणारी अनोळखी अ‍ॅप्स टाकूच नका. या कामाला लागणारं बहुतेक सगळं फोनातच आहे.

मग कोणी काय करावं? जीमेलचा पासवर्ड आठवतोय आणि जुना फोन चालू आहे, तर गूगल खातं, दुसरा विचार नको. त्याच दिवशी एक व्हीसीएफ फाइल करून घरच्या संगणकात ठेवा, पाच मिनिटांचं काम आहे. पासवर्ड आठवत नाही आणि घाई आहे, तर व्हीसीएफने आणा, आणि नव्या फोनात घेताना 'कुठे साठवू' विचारलं की गूगल खातं निवडा. जुन्या फोनचा पडदा दिसतो पण बोट लागत नाही, तर ओटीजी जोडणी (चार्जिंगच्या जागी बसणारा छोटा जोड) लावून साधा माउस जोडून पाहा, बऱ्याच अँड्रॉइड फोनांवर बाण येतो आणि काम होतं. मुलगा-मुलगी परदेशी निघालीत, तर गूगलबरोबरच नंबरांच्या सुरुवातीला +९१ लावून घ्या, नाहीतर तिकडच्या सिमवरून नुसता दहा आकडी नंबर लागायचा नाही. मार्ग मात्र एकच निवडा. सिम, फाइल आणि केबल तिन्ही केलेत तर प्रत्येक नाव तीनतीनदा येईल आणि 'मर्ज' करत, म्हणजे ती एकत्र जोडत, बसावं लागेल.

मावशीचा जुना फोन सुदैवाने कपाटात होता, एक्स्चेंजला दिला नव्हता. तिन्ही खाती शोधून सगळं एका खात्यात आणायला आमचा रविवार गेला.

जुना फोन निदान आठ दिवस हातचा ठेवा. आकडे ताडून पाहा, मराठीत लिहिलेली दहा नावं उघडून पाहा. आणि देऊन टाकायच्या आधी त्यातले नंबर एकेक करून पुसू नका: सिंक चालू असेल तर ते नव्या फोनातूनही जातील. आधी त्या फोनवरून गूगल खातं काढा, मग फॅक्टरी रीसेट करा, म्हणजे फोन नव्यासारखा कोरा करा. रीसेटने खात्यातल्या नंबरांना धक्का लागत नाही. पण खातं काढायचं राहिलं तर तो फोन पुढच्या माणसाकडे सुरू होताना तुमचाच पासवर्ड मागत अडून बसू शकतो.