गृहकर्जाचा साडेचार वर्षांचा अनुभव: हप्ता तोच, मुदत मात्र ४६४ महिने

घर घेतलं तेव्हा कर्जाबद्दल कुणी विचारलं की मी एकच आकडा सांगायचे. २६,९२६ रुपये, महिन्याचा हप्ता. दर महिन्याच्या ५ तारखेला खात्यातून जायचा, मेसेज यायचा, विषय संपायचा. आज त्याच कर्जाबद्दल लिहितेय. बँकेचं नाव देत नाही, कारण ओळखीतल्या तिघी-चौघींनी आपापली कर्जाची स्टेटमेंट काढली तेव्हा बँका वेगळ्या होत्या आणि प्रकार हाच होता. तारे द्यायचे तर पाचपैकी तीन.

नाशिकला इंदिरानगरमध्ये रिसेलचा टू बीएचके, किंमत ४६ लाख. २०२० च्या डिसेंबरअखेरपर्यंत राज्य सरकारने मुद्रांक शुल्कात ३ टक्क्यांची सवलत दिली होती. आमच्या घरावर १ लाख ३८ हजार वाचत होते, त्यामुळे सगळीच घाई. दुय्यम निबंधक कार्यालयात तोबा गर्दी, तोंडाला मास्क, हातात टोकन. त्या घाईत कर्जाच्या कागदांवर किती सह्या केल्या ते आठवतही नाही. आम्हाला ३४ लाख हवे होते, कर्ज झालं ३५ लाखांचं. वरचा एक लाख म्हणजे कर्जाला जोडलेल्या विम्याचा एकरकमी हप्ता. "हा सगळेच घेतात," असं सांगितलं गेलं आणि आम्ही घेतला. तो बँकेकडून घेणं सक्तीचं नसतं, बाहेरून साधा टर्म प्लॅन घेता येतो, हे फार नंतर कळलं. विम्याचे पैसे कर्जात मिसळले की त्यावरही वीस वर्षं व्याज चालतं. ६.९० टक्क्यांनी एक लाखाचे १ लाख ८४ हजार होतात. शिवाय कर्ज फिटत जाईल तसं विम्याचं संरक्षणही कमी होत जातं.

व्याजदर ६.९० टक्के, मुदत २४० महिने. करारात लिहिलं होतं: रेपो दर अधिक २.९० टक्के. रेपो म्हणजे रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना पैसे उसने देते तो दर. तेव्हा तो ४ टक्के होता. त्या ओळीतले ४ रिझर्व्ह बँकेच्या हातात आहेत आणि २.९० आमच्या बँकेच्या, हे मला कुणी समजावलं नाही आणि मीही विचारलं नाही. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी फ्लोटिंग, म्हणजे बदलत्या दराची, गृहकर्जं रेपोसारख्या बाहेरच्या दराला जोडलेली असतात. रेपो हलला की निदान तीन महिन्यांतून एकदा आपला दर हलतो. खाली जाताना हे फार छान वाटतं.

मे २०२२ मध्ये रेपो वाढायला लागला आणि फेब्रुवारी २०२३ पर्यंत ४ वरून ६.५० वर गेला. आमचा हप्ता जागचा हलला नाही. बातम्यांत 'ईएमआय महागणार' ऐकायचे आणि मनात म्हणायचे, आपला तर नाही महागला. मधे मधे बँकेचे मेसेज यायचे, दर बदलला, मुदत सुधारली वगैरे. पॅथॉलॉजी लॅबमध्ये सकाळी सातपासून रक्ताचे नमुने घ्यायचे, घरी आल्यावर मुलीचा अभ्यास. ते मेसेज वाचायचे राहून गेले.

२०२३ च्या अक्षय्य तृतीयेला आम्ही सासरच्या घरी नाशिकरोडला जेवायला गेलो होतो. सासरे प्रेसमधून निवृत्त झालेले. पैशाचा हिशेब आजही वहीत, उभ्या दोन रेघा मारून. आमरसाची वाटी संपवता संपवता त्यांनी विचारलं, "घराचं मुद्दल किती फिटलं गं?"

मी म्हटलं, "बाबा, हप्ता २६,९२६ आहे."

"हप्ता नाही विचारला. मुद्दल."

मोबाईलवर बँकेचं ॲप उघडलं. तोवर २८ हप्ते गेले होते, म्हणजे आम्ही ७ लाख ५३ हजार ९२८ रुपये भरले होते. बाकी मुद्दल दाखवत होतं ३३ लाख ४४ हजार ३७१. साडेसात लाख भरून दीड लाख फिटलं होतं. त्याच्या खालच्या ओळीत उरलेले हप्ते होते ते ४६० च्या वर. मला वाटलं ॲप चुकलंय. घेतानाच २४० होते, त्यातले २८ भरले, मग २१२ हवेत.

बाबांनी वही पुढे केली. "महिन्याचं व्याज काढ." बाकी मुद्दल गुणिले दर भागिले १२००, एवढंच ते गणित. मार्चअखेरची बाकी ३३,४५,०९४, दर ९.४०. गुणाकार केला, उत्तर आलं २६,२०३. म्हणजे एप्रिलच्या २६,९२६ च्या हप्त्यातले २६,२०३ व्याजात गेले होते आणि मुद्दलात ७२३ रुपये. त्या दिवशी आमच्या ताटांतल्या आंब्यांचे त्याहून जास्त झाले असतील.

मग घरी येऊन पूर्ण स्टेटमेंट काढलं आणि फक्त मुद्दलाचा रकाना वाचत गेले. जानेवारी २०२१ च्या पहिल्या हप्त्यात मुद्दल ६,८०१. हळूहळू वाढत जून २०२२ मध्ये ७,४९७. तिथून पुढे दर तीन महिन्यांनी पायरी उतरत गेलेली: जुलैत ५,०१२, ऑक्टोबरमध्ये २,३१३, जानेवारीत १,३८८, एप्रिलमध्ये ७२३. हप्ता सगळीकडे तोच, २६,९२६. बँकेने हप्त्याला हात न लावता वाढलेलं सगळं व्याज मुद्दलाच्या वाट्यातून कापून घेतलं होतं. दर आणखी पाव टक्का चढला असता तर मुद्दलात महिन्याला ३२ रुपये उरले असते. त्याच्याही पुढे गेला असता तर हप्ता भरूनही कर्ज वाढत गेलं असतं.

त्या रात्री मी एप्रिलचा धरून ४६४ हप्त्यांचा हिशेब केला. शेवटचा हप्ता नोव्हेंबर २०६१ मध्ये. तेव्हा मी ७४ वर्षांची असेन आणि आता पहिलीत जाणारी माझी मुलगी चाळिशी ओलांडलेली. पुढे भरायची रक्कम साधारण १ कोटी २५ लाख. घेताना ३५ लाखांवर वीस वर्षांत सगळं मिळून ६४ लाख ६२ हजार भरायचे होते, आणि तेव्हा तोच आकडा मला मोठा वाटला होता.

सोमवारी अर्धा दिवस रजा टाकून शाखेत गेले. कर्ज विभागातला अधिकारी तरुण होता, बोलायला चांगला. तो म्हणाला, "मॅडम, तुमच्यावर भार नको म्हणून सिस्टीम हप्ता तोच ठेवते, मुदत वाढवते. निवृत्तीचं वय जवळ आलं की मग हप्ता वाढतो." हा निर्णय माझा होता, तो सिस्टीमने घेतला, आणि मला विचारलं गेलं नाही. कापलेला एक तारा याचा. मी विचारलं की मूळ मुदतीतच संपवायचं तर हप्ता किती? त्याने लगेच काढून दिला: ३२,३९३. म्हणजे महिन्याला ५,४६७ जास्त. तेवढे दिले की पुढे भरायची रक्कम १ कोटी २५ लाखांवरून ६९ लाखांच्या आत येत होती. छप्पन लाखांचा फरक! तो आकडा मी त्याच्याकडून दोनदा तपासून घेतला, कारण माझा विश्वास बसत नव्हता.

दुसरी गोष्टही त्याच टेबलावर कळली. नव्या ग्राहकांना तीच बँक त्या वेळी आमच्याहून कमी दराने कर्ज देत होती. आमच्या करारातले ते २.९० टक्के आमच्यासाठी तसेच राहिले होते. ते कमी करून मिळतात, अर्ज करावा लागतो. शुल्क ५,००० आणि त्यावर जीएसटी, मिळून ५,९०० रुपये. भरले, आणि १ जुलै २०२३ पासून दर ९.४० चा ८.७५ झाला. ३३ लाखांच्या कर्जावर हा फरक महिन्याला अठराशे रुपयांचा आहे. म्हणजे चौथ्या महिन्यातच शुल्क वसूल. जुन्या ग्राहकाला हे आपणहून सांगायला काय हरकत होती? दुसरा तारा इथे गेला.

हप्ता आम्ही ३३,००० केला. जास्तीचे सहा हजार आणायचे कुठून, यावर घरात दोन संध्याकाळी बोलणं झालं. नवऱ्याची पगारवाढ होणार होती, आणि माझी बँकेत महिन्याला ४,००० ची आवर्ती ठेव (आरडी) चालू होती. आरडीवर साडेसहा टक्के मिळवायचे आणि कर्जावर पावणेनऊ द्यायचे, हे काही जमत नव्हतं. आरडी बंद केली. अडीनडीसाठीच्या बाजूला ठेवलेल्या पैशांना मात्र हात लावला नाही, कारण ते गेले असते तर पहिल्या आजारपणात पर्सनल लोन घ्यावं लागलं असतं, आणि ते याहून महाग.

'व्याजावर टॅक्स वाचतो' हे मी लॅबमध्ये इतक्यांदा ऐकलंय की त्याचंही गणित मांडलं. २०२१-२२ मध्ये आम्ही साधारण २ लाख ३७ हजार व्याज भरलं. जुन्या करपद्धतीत राहत्या घराच्या व्याजाची वजावट मिळते जास्तीत जास्त २ लाखांची. नवरा २० टक्क्यांच्या टप्प्यात, सेस धरून वाचले ४१,६००. वाचले ते चांगलंच झालं, पण त्यासाठी सव्वादोन लाखांहून जास्त घालवले होते. नव्या करपद्धतीत तर राहत्या घराला ही वजावटच नाही.

आता दिलेल्या तीन ताऱ्यांबद्दल. कर्ज वेळेत झालं, कागदपत्रांसाठी हेलपाटे घालावे लागले नाहीत. ॲपवर स्टेटमेंट कधीही काढता येतं आणि त्यात मुद्दल-व्याज वेगळं दिसतं. जादा पैसे भरले तर दंड नाही. फ्लोटिंग दराच्या गृहकर्जावर बँकांना तो घेता येत नाही, रिझर्व्ह बँकेने २०१२ मध्येच बंद केलाय. जादा भरताना एकच गोष्ट सांभाळायची: हप्ता कमी करायचा की मुदत, असं विचारतात, तेव्हा 'मुदत' लेखी मागायची.

ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने सगळ्या बँकांना सांगितलं की दर बदलला की हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे कर्जदाराला निवडू द्या, आणि दर तिमाहीला किती मुद्दल फिटलं, किती व्याज गेलं, किती हप्ते उरले याचा तक्ता द्या. मला तो तक्ता येतो. सोप्या भाषेतला, एका पानाचा. हा कागद २०२२ च्या जुलैत हातात आला असता तर ७,४९७ चे ५,०१२ झालेले मी तेव्हाच पाहिले असते.

२०२५ मध्ये फेब्रुवारी ते जून रेपो ६.५० वरून ५.५० वर आला आणि जुलैपासून आमचा दर ७.७५ झाला. या वेळी बँकेने विचारलं: हप्ता कमी करायचा का? नवऱ्याला क्षणभर मोह झाला, मलाही. मुलीच्या शाळेची फी नुकतीच भरली होती. पण ३३,००० तसेच ठेवले. जुलैच्या हप्त्यात मुद्दल गेलं १२,८७८. दर असाच राहिला तर शेवटचा हप्ता सप्टेंबर २०३७ मध्ये, मूळ तारखेच्या सव्वातीन वर्षं आधी. आणि सगळं मिळून भरलेले होतील ६४ लाख २४ हजारांच्या आसपास. म्हणजे मधल्या दरवाढीचा सगळा भुर्दंड पचवून आम्ही जिथून निघालो होतो त्या आकड्यापाशी परत आलोय. बाबांना फोनवर १२,८७८ सांगितलं तर त्यांनी "थांब, लिहून घेतो" म्हणून वही आणायला लावली.

गेल्या महिन्यात माझ्या धाकट्या भावाने सिन्नरला फ्लॅट बुक केला. ऑक्टोबर २०२४ पासून बँकेला कर्जाआधी 'की फॅक्ट स्टेटमेंट' द्यावं लागतं. त्यात फी, विमा वगैरे सगळं धरून खरा वार्षिक दर आणि महिन्यागणिक हप्त्यांचा तक्ता असतो. भाऊ ते मला दाखवायला घेऊन आला. वर छापलेला व्याजदर एक आणि खालचा वार्षिक दर त्याहून बराच जास्त. मधलं अंतर कशाचं, म्हणून शुल्कांच्या यादीवर बोट फिरवत गेलो. प्रोसेसिंग फी, कायदेशीर तपासणी, आणि त्याखाली विम्याचा एकरकमी हप्ता, कर्जात मिळवलेला.

"ताई, हा कंपल्सरी आहे म्हणाले."

"लेखी दे म्हणावं."

तो दुसऱ्या दिवशी शाखेत गेला आणि एवढंच म्हणाला. संध्याकाळी नवीन स्टेटमेंटचा फोटो आला. त्यात विम्याची ओळ नव्हती.