पॅराबोलॉइड घडवण्यासाठी ओपनस्कॅड कितपत उपयोगी?

ओपनस्कॅड हे मजकूर लिहून त्रिमितीय आकार घडवण्याचं सॉफ्टवेअर, त्यात माऊसने काहीही काढता येत नाही. डावीकडे मजकूर लिहायचा, एफ५ दाबायचं, उजवीकडे आकार दिसतो आणि खालच्या कन्सोलमध्ये चुका उमटतात. बाकी अनेक कामांत ही अडचण वाटते. पॅराबोलॉइडच्या बाबतीत मात्र हीच त्याची ताकद आहे. पॅराबोलॉइड, म्हणजे वाटीसारखा किंवा खोगिरासारखा वक्र पृष्ठभाग, हे मुळात एक सूत्र, आणि अंदाजाने ओढलेल्या वक्राला नेमकी नाभी, म्हणजे परावर्तित किरण एकत्र येतात तो बिंदू, नसते. सॉफ्टवेअर मोफत आहे, जीपीएल परवान्याखाली आहे, विंडोज, मॅक आणि लिनक्स तिन्हींवर चालतं. इथे त्याच्याकडे दोनच कामांच्या अंगाने पाहिलं आहे: नाभी असलेला गोल परावर्तक आणि खोगिराच्या आकाराचं कवच. पहिल्यात ते उत्तम आहे. दुसऱ्यात ते जमतं, पण घाम काढून.

गोल परावर्तकाला लागणारी आज्ञा म्हणजे रोटेट-एक्स्ट्रूड. सपाट प्रतलात एक छेद काढायचा आणि तो अक्षाभोवती फिरवायचा. छेदातला एक्स इथे त्रिज्या होतो आणि वाय होतो झेड, म्हणजे उंची. नवख्यांची पहिली गल्लत नेमकी इथेच होते. ते एक्स, वाय, झेड अशा तीन निर्देशकांत विचार करत राहतात आणि हजारो बिंदूंची जाळी विणायला घेतात. दंडगोल निर्देशकांत हाच आकार एका ओळीचा आहे: उंची = त्रिज्या² ÷ (४ × नाभीय अंतर), जिथे नाभीय अंतर म्हणजे तळापासून नाभीपर्यंतचं अंतर. व्यास २०० मिमी आणि नाभीय अंतर ८० मिमी धरलं, तर काठाची उंची १०,००० ÷ ३२० = ३१.२५ मिमी येते. त्रिज्या ० ते १०० पर्यंत २ मिमीच्या टप्प्याने फिरवून बिंदूंची यादी तयार केली की छेदाची आतली कड झाली.

जाडी देताना बहुतेक जण तोच वक्र ३ मिमी खाली सरकवतात. केंद्रापाशी जाडी ३ मिमीच राहते, पण काठावर चढ १०० ÷ १६० = ०.६२५ आहे, म्हणजे कोन साधारण ३२ अंश, आणि तिथे भिंतीची खरी जाडी २.५४ मिमी उरते. काठाशीच पकड किंवा स्क्रू बसवायचे असतील तर हा फरक महागात पडतो. योग्य रीत अशी की प्रत्येक बिंदू त्या जागच्या लंबाच्या दिशेने बाहेर सरकवायचा: त्रिज्येत जाडी × साइन मिळवायचा, उंचीतून जाडी × कोसाइन वजा करायचा. असा मिळणारा बाहेरचा वक्र स्वतः पॅराबोला नसतो आणि असायची गरजही नाही, कारण परावर्तन आतल्या पृष्ठभागावर होतं. बिंदूंचा क्रम मात्र सांभाळावा लागतो. आतली कड केंद्राकडून काठाकडे, बाहेरची काठाकडून केंद्राकडे. दोन्ही एकाच दिशेने लिहिल्या तर पॉलिगॉन स्वतःलाच छेदतो. एखाद्या बिंदूचा एक्स ऋण झाला तर रोटेट-एक्स्ट्रूड सरळ नकार देतं आणि कन्सोलमध्ये एक्सच्या चिन्हाबद्दल तक्रार येते. हा नकार चांगलाच आहे. साइन-कोसाइन इथे अंश घेतात, रेडियन नव्हे, हे दुसऱ्या प्रोग्रामिंग भाषांतून येणाऱ्यांनी सुरुवातीलाच मनात ठेवावं.

आता सर्वात महत्त्वाचा मुद्दा, जो पडद्यावर लक्षातच येत नाही. ओपनस्कॅडला खरा गोल माहीत नाही. ते बहुभुज काढतं. काही सांगितलं नाही तर १०० मिमी त्रिज्येला ३० बाजू मिळतात. बहुभुजाचे कोपरे खऱ्या त्रिज्येवर बसतात, पण बाजूंचा मध्य आत राहतो. काठावर हा फरक ०.५५ मिमी भरतो. शोभेच्या दिव्याला हे चालेल. परावर्तकाला नाही, कारण सपाट पट्टी समांतर किरणांना समांतरच ठेवते: जितकी पट्टी रुंद, तितकाच नाभीपाशी प्रकाशाचा ठिपका रुंद. ३० बाजूंमध्ये काठाची पट्टी जवळपास २१ मिमी रुंद आहे, म्हणजे नाभी बिंदू न राहता दोन सेंटिमीटरचा डाग होते. बाजूंची संख्या ठरवणारी डॉलर-एफएन ($fn) ही राशी १८० केली की पट्टी ३.५ मिमीवर येते आणि आत सरकण्याचा फरक ०.०१५ मिमीवर.

त्रिज्येच्या दिशेने हिशोब वेगळा आहे, आणि तो फारच देखणा आहे. पॅराबोलाच्या सूत्राचा दुसरा अवकलज सगळीकडे सारखाच असतो. त्यामुळे त्रिज्येचे टप्पे समान ठेवले की जीवा आणि वक्र यांच्यातली उभी तफावतही केंद्रापासून काठापर्यंत एकसारखी राहते: टप्पा² ÷ (१६ × नाभीय अंतर). २ मिमी टप्प्याला ती ०.००३ मिमी आहे, ५ मिमीला ०.०२. म्हणून काठाकडे जास्त बिंदू घालण्याची धडपड उंचीच्या अचूकतेसाठी निरर्थक आहे. ठिपक्याचा नियम मात्र इथेही तोच लागू होतो, त्यामुळे टप्पा ठरवताना तफावतीपेक्षा टप्प्याच्या रुंदीकडे पाहावं. वीस बाजू आणि शंभर टप्पे अशी विषम जोडी सर्रास दिसते. तिच्यात शंभर टप्प्यांची मेहनत वाया जाते.

पडताळणीची सोय मला या साधनातली सर्वात आवडती गोष्ट वाटते. पॅराबोलॉइडवरच्या कोणत्याही बिंदूचं नाभीपासूनचं अंतर हे त्याची उंची अधिक नाभीय अंतर एवढंच असतं. काठाच्या बिंदूसाठी १००² + ४८.७५² यांच्या बेरजेचं वर्गमूळ १११.२५ येतं आणि ३१.२५ + ८० हेही १११.२५. एको लिहून हे दोन्ही आकडे कन्सोलमध्ये छापता येतात. असर्ट वापरलं तर अट मोडताच काम थांबतं. तुलना बरोबरीच्या चिन्हाने करू नये, फरक अतिसूक्ष्म मर्यादेपेक्षा कमी आहे का ते बघावं, कारण दशांशांच्या शेपटात किंचित फरक राहतोच.

स्केल आज्ञा जपून वापरावी. सर्व दिशांनी दुप्पट केलं तर नाभीय अंतरही दुप्पट होतं. फक्त उंची दुप्पट केली तर ते निम्मं होतं. फक्त वाय दिशेने ०.६ पट केलं तर त्या दिशेचं नाभीय अंतर ०.३६ पट, म्हणजे ८० चं २८.८ मिमी होतं. एक्स दिशेत ते ८० च राहतं. मिळालेला आकार लंबवर्तुळी पॅराबोलॉइड असतो, दिसायला सुंदर, पण सगळे किरण एका बिंदूत आणणारी नाभी त्याला नाही. शिवाय भिंतीची जाडीही दिशेनुसार बदललेली असते.

खोगिराकडे वळलं की रोटेट-एक्स्ट्रूड निरुपयोगी ठरतं. आकारांभोवती ताणलेलं आवरण काढणारी हल ही आज्ञा तर त्याहून वाईट, कारण ती प्रत्येक खोलगट भाग भरून टाकते. बिंदू आणि मुखं स्वतः लिहून घन बनवणाऱ्या पॉलिहेड्रॉन आज्ञेला पर्याय नाही आणि इथे निर्देशकांची निवड पुन्हा सगळं ठरवते. उंची = एक्स × वाय ÷ २०० असं सूत्र घेतलं, तर २०० मिमी चौरसाचे कोपरे आलटून पालटून ५० मिमी वर आणि ५० मिमी खाली जातात. या मांडणीत जाळीची प्रत्येक आडवी-उभी रेघ पृष्ठभागावरच असलेली सरळ रेषा आहे. वास्तुविशारद फेलिक्स कँडेला यांच्या कवचछतांचा साचा सरळ फळ्यांनी बांधता आला तो याच गुणामुळे. १९५८ चं लॉस मनान्तियालेस हे मेक्सिकोतलं उपाहारगृह त्यांचं गाजलेलं काम. चूक उरते ती जाळीच्या प्रत्येक घराच्या (चौकोनाच्या) कर्णावर: १० मिमीच्या घराला ०.१२५ मिमी. तीच जाळी ४५ अंशांनी फिरवून वर्गांच्या वजाबाकीचं सूत्र घेतलं तर चूक निम्मी होते, कारण आता कर्ण सरळ रेषांवर बसतात. पण चौरसाच्या कडा जाळीला तिरक्या कापतात आणि करवतीसारख्या दिसतात. कडा जुळवायच्या असतील तर पहिलीच मांडणी घ्यावी आणि घर ५ मिमी करावं, चूक ०.०३ वर येते.

घराचे चार कोपरे एका प्रतलात नसतात, म्हणून प्रत्येक घराचे दोन त्रिकोण स्वतःच पाडावेत. वरचा पृष्ठभाग, खालचा पृष्ठभाग आणि चारही बाजूंच्या भिंती मिळून पूर्ण बंद घन व्हायला हवा. प्रत्येक मुख बाहेरून पाहताना घड्याळाच्या काट्याच्या दिशेने लिहावं लागतं. खालच्या पृष्ठभागासाठी वरचाच क्रम जसाच्या तसा उतरवला की तो उलटा होतो, ही हमखास होणारी चूक. एफ५ मध्ये सगळं ठीक दिसतं, एकट्या घनाचं एफ६ (पूर्ण आकार गणून काढणारी आज्ञा) देखील पार पडतं आणि त्यात भोक पाडायला गेलं की चूक येते. एफ१२ चं थ्रोन-टुगेदर दृश्य उलटी मुखं जांभळट रंगात दाखवतं. पॉलिहेड्रॉन लिहिल्यावर ते आधी बघावं.

वेगाबाबत २०२१.०१ ही स्थिर आवृत्ती खरंच दमवते. बारीक जाळीच्या घनांची बेरीज-वजाबाकी असेल तर एफ६ दाबून बराच वेळ थांबावं लागतं. विकासाधीन आवृत्त्यांमधलं मॅनिफोल्ड इंजिन कमालीचं वेगवान आहे. पॅराबोलॉइडच्या कामाला तेच निवडावं. चल राशींचा स्वभावही समजून घ्यावा लागतो: एकाच पातळीवर दोनदा किंमत दिली तर शेवटचीच सगळीकडे लागू होते, त्यामुळे लूपमध्ये बेरीज साठवत जाणं शक्य नाही. याउलट कस्टमायझरची खिडकी शिकवणाऱ्यांसाठी फार कामाची आहे. नाभीय अंतराच्या ओळीशेवटी टिप्पणीत ४० ते १६० ची मर्यादा लिहिली की सरकपट्टी मिळते आणि खोली कशी बदलते ते विद्यार्थी स्वतः पाहू शकतो.

निर्यात एसटीएलमध्ये होते. त्या फाइलमध्ये एकक नसतं आणि वक्र नसतात, असतात फक्त त्रिकोण. ०.२ मिमी थरांच्या थ्रीडी प्रिंटरवर वरचा परावर्तक तोंड वर करून छापला, तर मध्यभागी ८ मिमी त्रिज्येची सपाट चकती येते, कारण तिथवर पृष्ठभाग एका थराइतकाच चढतो, तेव्हा ०.००३ मिमी तफावतीची जाळी कितीही बारीक केली तरी ही पायरी जात नाही. थर पातळ करणं किंवा छापल्यावर घासून गुळगुळीत करणं हाच उपाय. आणि साचा सीएनसीवर, म्हणजे संगणकाने चालणाऱ्या कापयंत्रावर, कापायचा असेल, जिथे खरे वक्र साठवणारी स्टेप फाइल मागतात, तिथे ओपनस्कॅडचा उपयोग नाही. ते स्टेप देत नाही; त्या कामाला फ्रीकॅड घ्यावं, त्यात पॅराबोला खरा वक्र म्हणून राहतो.