शिसे अडवणारा फिल्टर: आठ महिन्यांच्या वापरानंतर

सिंकखाली बसणारा, शिशासाठी प्रमाणित केलेला कार्बन ब्लॉक (दाबून घट्ट केलेल्या सक्रिय कोळशाचा) फिल्टर आमच्याकडे आठ महिने वापरात आहे. रात्रभर नळ बंद ठेवून सकाळी भरलेल्या पहिल्या लिटरमध्ये १८ मायक्रोग्रॅम शिसे असल्याचा प्रयोगशाळेचा अहवाल आला, म्हणून तो घ्यावा लागला. जागतिक आरोग्य संघटनेचे मार्गदर्शक मूल्य लिटरला १० मायक्रोग्रॅम आहे, आणि लहान मुलांसाठी तर शिशाची कोणतीही पातळी निर्धोक मानली जात नाही.

शिसे नळीच्या धातूतून थेट पाण्यात उतरते, अशी माझी समजूत होती. प्रत्यक्षात शिशाच्या जुन्या जोडनळीत (रस्त्यातील जलवाहिनीपासून घरापर्यंतच्या नळीत) वर्षानुवर्षे खनिजांचा थर साचतो. त्यात सेरुसाइट आणि हायड्रोसेरुसाइट ही शिशाची कार्बोनेटे असतात, आणि पाण्यात मुक्त क्लोरीन पुरेसा टिकून असेल तर प्लॅटनराइट, म्हणजे शिशाचा डायऑक्साइड, तयार होतो. धातू या थराआड झाकला जातो आणि नळाला किती शिसे येणार हे बऱ्याच अंशी त्या खनिजांच्या विद्राव्यतेवर ठरते. सामू (पीएच) घसरला की कार्बोनेटे अधिक विरघळतात. प्लॅटनराइट एरवी जवळजवळ अविद्राव्य, पण क्लोरीनचा जोर ओसरला की तो टिकत नाही. वॉशिंग्टन डीसीमध्ये २००० साली निर्जंतुकीकरणासाठी क्लोरीनऐवजी क्लोरामाइन (क्लोरीन आणि अमोनियाचे सौम्य संयुग) वापरू लागल्यावर नेमके हेच घडले. नळ्या त्याच होत्या, बदलले ते पाण्याचे रसायन. अमेरिकेतल्याच फ्लिंट शहरात २०१४ साली नदीचे पाणी घेताना गंजरोधक ऑर्थोफॉस्फेट मिसळले गेले नाही आणि आधीचा संरक्षक थर सुटत गेला. त्यामुळे एकदा केलेली तपासणी कायमची ग्राह्य धरण्यात अर्थ नाही.

फिल्टरला दोन निराळी कामे करावी लागतात. विरघळलेले शिसे पकडण्यासाठी ब्लॉकमध्ये खास शोषक द्रव्य मिसळलेले असते, कारण साध्या कार्बनवर त्यासाठी विसंबता येत नाही. थरातून सुटलेले कण मात्र ब्लॉकच्या बारीक छिद्रांनी अडवायचे असतात. म्हणून खोक्यावर एनएसएफ ५३ (एनएसएफ ही अमेरिकी मानक संस्था) हे मानक आहे का आणि त्यात शिशाचा स्पष्ट उल्लेख आहे का, हे दोन्ही पाहावे. त्या चाचणीत लिटरला १५० मायक्रोग्रॅम शिसे असलेले पाणी ६.५ आणि ८.५ अशा दोन सामूंवर फिल्टरमधून सोडतात. एनएसएफ ४२ हे मानक चव, वास आणि क्लोरीन यांच्याशी संबंधित आहे. दुकानातील विक्रेत्याने मला आधी तेच दाखवले होते.

पहिले चार महिने तक्रारीला जागा नव्हती. फिल्टरच्या पाण्याचे दोन नमुने तपासले आणि दोन्हींत शिसे मोजता येईल इतके आढळले नाही. पाचव्या महिन्यात बाहेर जलवाहिनीचे खोदकाम झाले आणि आठवड्याभरात फिल्टरची धार करंगळीएवढी झाली. बिनफिल्टरच्या नळाच्या तोंडाची जाळी उघडली तर त्यात करड्या रंगाची कचकच साठलेली होती. कार्ट्रिज मुदतीच्या दोन महिने आधीच बदलावे लागले. चिडचिड झाली खरी, पण ती कचकच ब्लॉकने अडवली नसती तर आमच्या पेल्यांत आली असती. जाळी मी आता दर महिन्याला धुऊन घेते.

माझी खरी नाराजी फिल्टरवरच्या दिव्याबद्दल आहे. तो केवळ वाहून गेलेल्या पाण्याचे माप मोजतो. शिशाशी त्याचा काही संबंध नाही, आणि धार मंदावली तेव्हाही तो निवांत हिरवाच होता. पाण्यात विरघळलेल्या एकूण घटकांचे माप दाखवणाऱ्या टीडीएस मीटरचाही येथे उपयोग नाही. लिटरला १० मायक्रोग्रॅम म्हणजे ०.०१ मिलिग्रॅम, आणि घरगुती मीटरची सर्वांत लहान पायरी १ मिलिग्रॅमची असते. पाणी उकळल्याने शिसे जात नाही, उलट वाफ निघून गेल्यामुळे ते किंचित दाट होते. गरम पाणी या कार्ट्रिजमधून सोडायचे नसते, आणि गरम नळाच्या पाण्यात शिसे अधिक उतरत असल्याने स्वयंपाकालाही आम्ही थंड, गाळलेलेच पाणी घेतो.

जोडनळी बदलण्यासाठी अर्ज केला आहे. काम झाल्यावरही काही महिने फिल्टर काढणार नाही, कारण खोदकामाच्या हादऱ्याने घरातल्या नळ्यांत साठलेले कण सुटू शकतात. त्यासाठी एक जादा कार्ट्रिज आधीच आणून ठेवले आहे.